स्पायनल स्टेनोसिस

स्पायनल स्टेनोसिस हा पाठीच्या कण्याचा विकार आहे. मज्जारज्जू आणि त्याच्या खालच्या टोकापासून निघणारे मज्जातंतू कण्यातील हाडांच्या ज्या नळीतून जातात, ती नळी अरुंद होऊन त्यांच्यावर दाब येणे, असे या विकाराचे स्वरूप असते. मराठीत यास मेरुनालाचा संकोच असे म्हणता येते. बोलण्यात ‘नस दबली’ किंवा ‘मणक्यात गॅप आली’ हे शब्दप्रयोग रूढ आहेत. त्यांपैकी पहिला वस्तुस्थितीला धरून आहे. दुसरा मात्र दिशाभूल करणारा आहे, कारण या विकारात कण्यात पोकळी वाढत नाही, असलेली जागा कमी होते.

हा विकार प्रामुख्याने पन्नाशीनंतर आढळतो. कंबर आणि मान हे कण्याचे दोन भाग अधिक हालचालीचे असल्याने संकोचही मुख्यतः तेथेच होतो. बहुसंख्य रुग्णांत त्याचे कारण वयोमानाने होणारी झीज हे असते. तथापि नांदेड जिल्ह्याच्या काही भागांसह भारतातील अनेक ग्रामीण प्रदेशांत पिण्याच्या पाण्यातील अतिरिक्त फ्लोराइड हेही कारण संभवते. झीज टाळता येत नाही. पाण्याचा दोष मात्र टाळता येतो. म्हणून या प्रदेशातील रुग्णाच्या बाबतीत कारणाचा शोध घेण्याला विशेष महत्त्व आहे.

कण्याची रचना

कणा मणक्यांचा बनलेला असतो. दोन मणक्यांच्या मध्ये चकती असते. तिलाच सामान्यतः ‘गादी’ म्हणतात. प्रत्येक मणक्याच्या मागील भागात हाडाची कमान असते आणि अशा कमानी एकावर एक आल्याने सलग नळी तयार होते. मज्जारज्जू प्रौढ व्यक्तीत साधारणपणे कमरेच्या पहिल्या किंवा दुसऱ्या मणक्यापाशी संपतो. त्याच्या खाली मज्जातंतूंचा जुडगा असतो. घोड्याच्या शेपटीसारखा दिसतो म्हणून त्यास लॅटिनमध्ये ‘कॉडा इक्विना’ हे नाव पडले. हा तपशील लक्षणांच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे : कमरेत संकोच झाल्यास सुटे मज्जातंतू दाबले जातात, तर मानेत झाल्यास प्रत्यक्ष मज्जारज्जू दाबला जातो. दुसरा प्रकार अधिक धोक्याचा होय.

कमरेतील नळीचा पुढून मागे असा व्यास सामान्यतः १५ ते २५ मिलिमीटर असतो. तो १२ मिलिमीटरपेक्षा कमी झाल्यास सापेक्ष आणि १० मिलिमीटरपेक्षा कमी झाल्यास निरपेक्ष संकोच मानण्याची पद्धत आहे. केवळ या मापावरून रुग्णाला किती त्रास होतो हे सांगता येत नाही.

कारणे

वय वाढते तसे चकतीतील पाणी कमी होऊन तिची उंची घटते. भार मागच्या लहान सांध्यांवर पडू लागतो आणि ते सांधे जाड होतात. कमानींना आतून जोडणारा पिवळसर, लवचीक अस्थिबंध सैल व जाड होऊन नळीत डोकावू लागतो. मणक्यांच्या कडांना हाडाचे टोकदार वाढे फुटतात. कधी एक मणका दुसऱ्यावरून किंचित पुढे सरकतो. यांपैकी एकही बदल एकटा फारसा त्रासदायक नसतो. सर्व मिळून जागा कमी होते. कमरेच्या चौथ्या व पाचव्या मणक्यांच्या दरम्यान हे सर्वाधिक आढळते.

काही व्यक्तींची नळी जन्मतःच अरुंद असते. अशा व्यक्तींना थोड्याशा झिजेनेही तुलनेने लवकर त्रास सुरू होतो. याशिवाय अस्थिभंग, गाठी आणि कण्याचा क्षयरोग यांमुळेही मज्जारज्जूवर दाब येऊ शकतो. भारतात क्षयरोगाची शक्यता नेहमी ध्यानात ठेवावी लागते. सोबत ताप, वजन घटणे किंवा रात्रीच्या वेळी वाढणारी वेदना असल्यास निव्वळ झीज समजून स्वस्थ बसणे योग्य नाही.

पाण्यातील फ्लोराइड आणि नांदेड जिल्हा

नांदेड जिल्ह्याचा मोठा भाग दख्खनच्या काळ्या बेसाल्ट खडकाचा आहे. पूर्वेकडे, तेलंगणाच्या सीमेलगत, किनवट, बिलोली, देगलूर, मुखेड या तालुक्यांच्या भागांत मात्र त्याहून कितीतरी प्राचीन असा ग्रॅनाइट व नाइस खडक उघडा पडतो. या खडकातील काही खनिजांत फ्लोराइड असते. भूजल अशा खडकाच्या भेगांत दीर्घकाळ साठून राहिले की ते पाण्यात उतरते. लगतच्या तेलंगणातील नळगोंडा परिसर याच कारणाने देशभर ओळखला जातो. लातूर जिल्हा बहुतांशी बेसाल्टवर वसलेला आहे. तेथील चित्र नांदेडच्या पूर्व भागाइतके ठळक नाही. परंतु अवर्षणामुळे विंधन विहिरी अधिकाधिक खोल नेण्याची प्रवृत्ती दोन्ही जिल्ह्यांत आहे. २०१६च्या उन्हाळ्यात लातूर शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले आणि पहिली गाडी १२ एप्रिल रोजी पोहोचली, ही घटना सर्वश्रुत आहे. उथळ आडाचे पाणी आणि शेकडो फूट खोल बोअरचे पाणी यांच्या रासायनिक घटकांत मोठा फरक असू शकतो. म्हणून नव्या बोअरला पाणी लागल्यावर पिण्यासाठी ते वापरण्यापूर्वी तपासून घेणे आवश्यक ठरते.

भारतीय मानकानुसार पिण्याच्या पाण्यात प्रतिलिटर १ मिलिग्रॅमपर्यंत फ्लोराइड स्वीकारार्ह असते. दुसरा स्रोत उपलब्ध नसल्यास १.५ मिलिग्रॅमपर्यंत चालवून घेतले जाते. जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादाही १.५ मिलिग्रॅम आहे. याहून अधिक फ्लोराइडचे पाणी लहानपणापासून पोटात गेल्यास कायमच्या दातांवर खडूसारखे पांढरे, पुढे पिवळे-तपकिरी पट्टे उमटतात. प्रमाण बरेच अधिक असेल आणि सेवन अनेक वर्षे चालू राहिले, तर हाडांचा फ्लोरोसिस होतो. हाडे दाट पण ठिसूळ होतात आणि अस्थिबंधांत कॅल्शियम साठून ते दगडासारखे कठीण बनतात. कण्याचा लवचीकपणा जातो. माणसाला मान वळवण्यासाठी सारे अंग वळवावे लागते. हीच प्रक्रिया नळीच्या आतील अस्थिबंधांत घडली की संकोच होतो. झिजेतील संकोच सहसा एक-दोन मणक्यांपुरता असतो. फ्लोरोसिसमधील संकोच अनेक मणक्यांवर पसरलेला असतो आणि मानेतील मज्जारज्जूही त्यात सापडतो. त्यामुळे हातापायांत ताठरपणा येऊन हळूहळू अधूपण येते. भारतातील या आजाराचे पहिले सविस्तर वर्णन १९३७ साली एच. ई. शॉर्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तत्कालीन मद्रास इलाख्यातील रुग्णांवरून केले.

एखाद्या गावातील मुलांचे दात तपकिरी पट्ट्यांचे असतील आणि त्याच गावातील प्रौढांची कंबर व मान ताठ असेल, तर दोन्हींचे मूळ एकच असण्याचा संशय घ्यावा. प्राथमिक पडताळणीसाठी तीन सोप्या हालचाली वापरल्या जातात : गुडघे न वाकवता जमिनीला हात लावणे, हनुवटी छातीला टेकवणे आणि दोन्ही हात डोक्याच्या मागे नेणे. या जमत नसल्यास क्ष-किरण तपासणी करतात. तीत केवळ पाठीचे नव्हे, तर कोपरापासून मनगटापर्यंतच्या हाताचे चित्रही घेतात, कारण तेथील दोन हाडांमधील पडद्यात साठलेले कॅल्शियम ही फ्लोरोसिसची विश्वसनीय खूण आहे.

पाणी उकळल्याने फ्लोराइड जात नाही; उलट पाणी आटून त्याचे प्रमाण वाढते. साधा मेणबत्ती-फिल्टर, तुरटी फिरवणे किंवा क्लोरीनचे थेंब यांचाही उपयोग होत नाही. तुरटी, चुना व ब्लीचिंग पावडर ठरावीक मात्रेत वापरून फ्लोराइड काढण्याची नळगोंडा पद्धत नागपूरच्या राष्ट्रीय पर्यावरण अभियांत्रिकी संशोधन संस्थेने, म्हणजे नीरीने, विकसित केली. तिच्यात मात्रा व निवळण्याची क्रिया काटेकोर असावी लागते. सक्रिय ॲल्युमिना किंवा आरओ यंत्रानेही फ्लोराइड कमी होते. पर्यायी स्रोत मिळत असेल, तर तो स्वीकारणे हा सर्वांत खात्रीचा उपाय होय : पावसाचे साठवलेले पाणी, तपासलेला उथळ आड किंवा नदी-धरणावरील नळयोजना. आहारात पुरेसे कॅल्शियम व क जीवनसत्त्व असावे आणि काळे मीठ, सुपारी व तंबाखू टाळावी, असा सल्ला दिला जातो. पाणी बदलल्याने विकाराची वाढ थांबू शकते; एकदा कठीण झालेले अस्थिबंध मात्र पूर्ववत होत नाहीत आणि अरुंद झालेली नळी रुंदावत नाही.

लक्षणे

कमरेतील संकोचाचे वैशिष्ट्यपूर्ण लक्षण चालण्याशी निगडित आहे. बसलेल्या माणसाला काहीच होत नाही. काही अंतर चालल्यावर नितंब, मांड्या व पोटऱ्या भरून येतात, मुंग्या येतात, पाय जड पडतात आणि थांबावे लागते. खाली बसले किंवा पुढे वाकले की काही मिनिटांत आराम पडतो आणि पुन्हा तेवढेच अंतर चालता येते. महिन्यामागून महिने हे अंतर कमी होत जाते. जो माणूस आठवडी बाजाराला पायी जाऊन येत असे, तो वेशीपर्यंत येऊन पारावर टेकतो; पुढे घरापासून मंदिरापर्यंतही दोनदा बसतो. घरातील मंडळी हे म्हातारपण समजतात आणि रुग्णही तसेच समजून बाहेर पडणे कमी करतो. त्यामुळे तक्रार दवाखान्यापर्यंत पोहोचण्यास वर्षे लागतात.

पुढे वाकल्यावर नळीतील जागा किंचित वाढते आणि ताठ उभे राहिल्यावर ती कमी होते, या एका गोष्टीत बहुतेक लक्षणांचा उलगडा आहे. शेतात वाकून खुरपणी करणाऱ्या बाईला काम करताना त्रास होत नाही, पण घराकडे चालत येताना पाय उचलत नाहीत. ज्याला पायी चालवत नाही, तो सायकल मात्र बराच वेळ चालवू शकतो; कित्येक जण सायकल हातात धरून तिच्यावर रेलून चालतात. माहूरच्या गडासारख्या ठिकाणी पायऱ्या चढण्यापेक्षा उतरणे अधिक जड जाते, कारण उतरताना कंबर मागे कलते. ‘कामात बरा आणि चालायलाच कसा थकतो’ असा संशय अशा रुग्णांवर घेतला जातो. तो अन्यायाचा आहे.

पायांच्या रक्तवाहिन्या अरुंद झाल्यानेही चालताना पोटऱ्या दुखतात, विशेषतः दीर्घकाळ तंबाखू वा विडी ओढणाऱ्यांत आणि मधुमेहींत. त्या विकारात नुसते उभे राहिले तरी वेदना थांबते, सायकल चालवतानाही दुखते आणि पावलावरील नाडी क्षीण लागते. संकोचात उभे राहून भागत नाही, बसावे किंवा वाकावे लागते. दोन्ही विकार एकाच व्यक्तीत असू शकतात. मधुमेहातील पायांची जळजळ मात्र चालण्यावर अवलंबून नसते आणि रात्री अधिक जाणवते.

मानेतील संकोचात दुखणे फार थोडे किंवा मुळीच नसू शकते, म्हणून तो अधिक फसवा असतो. हातांची सफाई जाते : गुंड्या लावणे, सुईत दोरा ओवणे, भाकरी थापणे अवघड होते, अक्षर बिघडते. चालताना तोल जातो, पाय ताठ पडतात. पायातील चप्पल निसटून मागे राहते आणि ते कळतही नाही. ही तक्रार क्षुल्लक वाटली, तरी डॉक्टरांना अवश्य सांगावी अशी आहे. अशा रुग्णाची मान झटका देऊन ‘मोकळी’ करणे किंवा मणका बसवून घेणे धोक्याचे असते. ताठ व अरुंद मानेला साध्या घसरून पडण्यानेही गंभीर इजा होऊ शकते.

लघवी अडणे अथवा नकळत होणे, शौचावरील ताबा सुटणे, जननेंद्रिय व गुदद्वाराभोवतीचा भाग बधिर होणे आणि पायांतील शक्ती वेगाने कमी होत जाणे, यांपैकी काहीही आढळल्यास त्याच दिवशी रुग्णालय गाठावे लागते. येथे एक-दोन दिवसांचा विलंबही कायमचे अपंगत्व आणू शकतो.

निदान

निदानाचा पाया रुग्णाची हकिकत आणि प्रत्यक्ष तपासणी हा आहे. किती अंतर चालता येते, कशाने आराम पडतो, कोणत्या भागात बधिरपणा आहे, यांवरून बरेच काही कळते. नळी व मज्जातंतू यांचे सर्वांत स्पष्ट चित्र एमआरआयमध्ये मिळते. हाडाची बारीक रचना किंवा अस्थिबंधांतील कॅल्शियम पाहण्यासाठी सीटी स्कॅन उपयोगी पडतो. फ्लोरोसिसच्या संशयात लघवीतील व पाण्यातील फ्लोराइड मोजतात.

एमआरआयच्या अहवालातील भारदस्त शब्दांनी घाबरून जाण्याचे कारण नाही. १९९० साली अमेरिकेत बोडेन आणि सहकाऱ्यांनी पाठीचा कोणताही त्रास नसलेल्या व्यक्तींचे एमआरआय काढले, तेव्हा साठीपुढील व्यक्तींपैकी सुमारे २१ टक्क्यांत कमरेचा संकोच दिसला. चित्रात दिसतो म्हणून तोच दुखण्याचे कारण असे ठरत नाही. उपचार लक्षणांवर ठरवायचे असतात, अहवालावर नव्हे.

शस्त्रक्रियेविना उपचार

कमरेचा सौम्य किंवा मध्यम संकोच दरवेळी वाढतच जातो, असे नाही. बऱ्याच रुग्णांची स्थिती वर्षानुवर्षे जवळपास तशीच राहते आणि काहींना आरामही पडतो. म्हणून तातडीची लक्षणे नसल्यास प्रारंभी शस्त्रक्रियेविना उपचार केले जातात. त्यांत व्यायामाला पहिले स्थान आहे. पाठीवर झोपून गुडघे छातीशी घेणे, पोटाच्या व नितंबांच्या स्नायूंना बळ देणे, स्थिर सायकल चालवणे आणि त्रास सुरू होण्यापूर्वीच थांबत थोडे-थोडे अंतर चालणे, असे हे व्यायाम भौतिकोपचारतज्ज्ञाकडून शिकून घ्यावेत. कमान मागे टाकणारी आसने या विकारात सहसा त्रास वाढवतात. काठी किंवा वॉकर वापरण्यात कमीपणा मानू नये. त्यावर किंचित रेलल्याने चालण्याचे अंतर वाढते. झोपताना कुशीवर, गुडघे दुमडून आणि त्यांच्यामध्ये उशी ठेवून झोपल्यास बरे वाटते. कंबरपट्टा थोड्या काळापुरता ठीक. सतत बांधल्यास स्नायू दुबळे होतात. अंथरुणाला खिळून राहणे हा उपचार नव्हे.

वेदनाशामक गोळ्या तात्पुरता आराम देतात, नळी रुंद करीत नाहीत. औषध दुकानातून परस्पर आणून त्या महिनोन्‌महिने घेण्याची सवय सर्वत्र दिसते. त्यांनी जठरात व्रण होऊ शकतात आणि मूत्रपिंडांना इजा पोहोचू शकते. शरीरातील फ्लोराइड मुख्यतः मूत्रपिंडांवाटेच बाहेर पडते; ती दुबळी झाल्यास ते अधिक साठते. त्यामुळे फ्लोराइडच्या गावांत ही सवय दुहेरी घातक आहे. कण्यातील स्टेरॉइड इंजेक्शनाचा प्रभावही मर्यादित आहे. २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अमेरिकी चाचणीत स्टेरॉइडसह भूल देणारे औषध आणि केवळ भूल देणारे औषध यांच्या परिणामांत सहा आठवड्यांनी अत्यल्प फरक आढळला.

शस्त्रक्रिया

व्यायाम व औषधे काही महिने नीट करूनही चालणे असह्य राहिले, किंवा पायांतील शक्ती कमी होऊ लागली, तर शस्त्रक्रियेचा विचार होतो. मानेतील मज्जारज्जूवर दाब येऊन हातापायांची लक्षणे वाढत असतील, तर ती लांबवू नये, असा तज्ज्ञांचा कल असतो, कारण तेथे गेलेली शक्ती परत येण्याची खात्री देता येत नाही. मुख्य शस्त्रक्रियेला लॅमिनेक्टमी म्हणतात. तीत मणक्याच्या मागील कमानीचा भाग व जाड झालेला अस्थिबंध काढून मज्जातंतूंना जागा करून देतात.

अमेरिकेतील ‘स्पोर्ट’ या बहुकेंद्री अभ्यासाच्या २००८ सालच्या निष्कर्षांत, ज्यांनी प्रत्यक्ष शस्त्रक्रिया करून घेतली त्यांना दोन वर्षांच्या काळात अधिक आराम आढळला. २०१५च्या दुसऱ्या एका चाचणीत मात्र शस्त्रक्रिया आणि शिस्तबद्ध भौतिकोपचार या दोन गटांत दोन वर्षांनी विशेष फरक दिसला नाही. त्या चाचणीत भौतिकोपचार-गटातील अनेकांनी पुढे शस्त्रक्रिया स्वीकारली होती, हेही लक्षात घ्यावे लागते. स्क्रू व सळया बसवून मणके जोडण्याची गरज प्रत्येकाला नसते. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या स्वीडनमधील चाचणीत केवळ दाब काढलेल्या रुग्णांच्या तुलनेत मणके जोडलेल्यांना अधिक लाभ आढळला नाही. खर्च आणि रुग्णालयातील मुक्काम यांचा विचार करता हा प्रश्न शल्यविशारदाला विचारण्यासारखा आहे. फ्लोरोसिसमध्ये हाड अतिशय कठीण झालेले असते, अनेक मणक्यांवर काम करावे लागते आणि मज्जारज्जूचे आवरणही चिकटलेले असू शकते; त्यामुळे ही शस्त्रक्रिया अधिक जोखमीची ठरते आणि उशिरा आलेल्या रुग्णात सुधारणा मर्यादित राहते. शस्त्रक्रियेने पायांची वेदना जितकी कमी होते, तितकी कंबरदुखी होईलच असे नाही.

इतिहास

या विकाराला स्वतंत्र ओळख मिळवून दिली ती नेदरलँड्समधील शल्यविशारद हेंक व्हर्बिस्ट यांनी. १९५४ साली इंग्रजीत प्रसिद्ध केलेल्या निबंधात त्यांनी चालताना पाय भरून येणे आणि कमरेतील अरुंद नळी यांचा संबंध दाखवून दिला. आयुर्वेदातील ‘गृध्रसी’ ही संज्ञा कमरेपासून पायापर्यंत जाणाऱ्या वेदनेसाठी आहे. तिचा अर्थ आजच्या सायटिकाशी जुळतो, त्यामुळे ती या विकारासाठी वापरणे नेमके होत नाही.

उपचार व तपासणीच्या सोयी

नांदेड येथे विष्णुपुरीचे डॉ. शंकरराव चव्हाण शासकीय वैद्यकीय महाविद्यालय, लातूर येथे विलासराव देशमुख शासकीय वैद्यकीय विज्ञान संस्था आणि अंबाजोगाई येथे स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण शासकीय वैद्यकीय महाविद्यालय या परिसरातील प्रमुख शासकीय संस्था आहेत. राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजनेचा पहिला टप्पा जुलै २०१२मध्ये राज्यातील आठ जिल्ह्यांत सुरू झाला, त्यांत नांदेडचा समावेश होता. हीच योजना पुढे महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजना या नावाने राज्यभर चालू राहिली. कण्याची नेमकी कोणती शस्त्रक्रिया तिच्यात बसते, हे संलग्न रुग्णालयातील आरोग्यमित्राकडे चौकशी करून शस्त्रक्रियेपूर्वीच ठरवून घ्यावे.

फ्लोरोसिस प्रतिबंध व नियंत्रणाचा राष्ट्रीय कार्यक्रम केंद्र शासनाने २००८-०९मध्ये सुरू केला. फ्लोराइडग्रस्त जिल्ह्यांत पाहणी, निदान व पुनर्वसन ही त्याची कामे आहेत. पिण्याच्या पाण्याची रासायनिक तपासणी भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेच्या प्रयोगशाळांत होते. नमुना स्वच्छ प्लास्टिकच्या बाटलीत घ्यावा, काचेच्या नव्हे, कारण फ्लोराइडची काचेशी प्रक्रिया होऊ शकते. बाटली त्याच पाण्याने दोन-तीनदा विसळून भरावी आणि तिच्यावर गाव, स्रोताचा प्रकार, बोअरची खोली व तारीख लिहावी. एकाच गावातील दोन बोअरच्या पाण्यात फ्लोराइडचे प्रमाण वेगळे असू शकते, म्हणून पिण्याच्या प्रत्येक स्रोताचा नमुना स्वतंत्र द्यावा लागतो.